मारलेल्याचं नाव

मल्हारी या नावात आधी राक्षस येतो आणि मग देव. मल्लाचा अरी, म्हणजे शत्रू, तो मल्हारी. माझी आजी खंडोबाच्या देवळात शिरताना पायरीवर मुद्दाम दाबून पाय ठेवायची. "खाली मल्ल हाय," म्हणायची. आणि पाय उचलला की लगेच वाकून त्याच पायरीला हात लावून तो कपाळाला लावायची. मी सात-आठ वर्षांचा असेन. एकदा विचारलं, नमस्कार कुणाला केलास, देवाला की मल्लाला? आजी म्हणाली, "दोघास्नी. त्येच्याबिगर द्येव कशाला आला असता हितं?"

या पुस्तकात ग्रीक पुराणकथांमधले अक्राळविक्राळ प्राणी आहेत. बैलाच्या डोक्याचा माणूस आहे, केसांच्या जागी साप असलेली बाई आहे, एक डोकं उडवलं की दोन उगवणारा पाणसर्प आहे. कमरेपर्यंत माणूस आणि खाली घोडा असलेली उनाड जमात आहे. या गोष्टी मराठीत पूर्वीही येऊन गेल्या. बहुतेक वेळा त्या वीरांच्या गोष्टी म्हणून आल्या आणि त्यात राक्षसाचं काम मरण्यापुरतं होतं. मला मात्र आजीच्या त्या वाकण्यामुळे कायम पुढचं कुतूहल राहिलं. राक्षस मेला, बरं झालं. मग त्याचं पुढे काय झालं? डोकं कुठे गेलं, कातडं कुणी नेलं, नाव कुणाला मिळालं? ग्रीक कथा या बाजूने वाचायला घेतल्या तेव्हा त्या फार ओळखीच्या वाटू लागल्या.

नावांचंच घ्या. हर्मीस हा देवांचा निरोप्या. होमरच्या काव्यात त्याला पुन्हा पुन्हा एक विशेषण लागतं, 'आर्गेइफॉन्टीस', आणि त्याचा रूढ अर्थ 'आर्गसला मारणारा' असा करतात. आर्गस हा अंगभर डोळे असलेला पहारेकरी. हर्मीसने त्याला गोष्टी सांगून, पावा वाजवून निजवलं आणि मारलं. हेरा देवीचा तो इमानी चाकर, म्हणून तिने त्याचे डोळे काढून मोराच्या पिसाऱ्यावर लावले. महिषासुरमर्दिनी, मुरारी, मल्हारी आणि आर्गेइफॉन्टीस ही सगळी नावं एकाच साच्यातली. मारणाऱ्याला मारलेल्याच्या नावाने ओळखायचं.

आमच्या तर शहराचंच नाव असुराचं. धारासुर नावाचा दैत्य इथे माजला, देवीने त्याला मारलं, ती धारासुरमर्दिनी झाली आणि गाव धाराशिव झालं, अशी कथा इथे सांगतात. शहरात देवीचं देऊळ आहे. उस्मानाबादचं अधिकृत धाराशिव २०२३ साली झालं. त्याआधी नावावरून काय काय वाद झाले ते सगळ्यांना ठाऊक आहे. इतक्या वर्षांच्या त्या भांडणात धारासुराची बाजू मांडायला कुणी उभं राहिलं नाही, आणि शेवटी जिंकला तोच.

पण 'राक्षस' हा शब्द मी या पुस्तकात नाइलाजानेच वापरला आहे. आपले राक्षस, दैत्य, दानव हे शिकलेसवरलेले लोक. तप करतात, वर मागतात, राज्य चालवतात, वेळ पडली तर देवांना नीती ऐकवतात. ग्रीकांचे हे प्राणी बहुतांशी मुके आहेत. वेताळ, खवीस, हडळ, मुंजा हे शब्दही चालत नाहीत, कारण ते सगळे मेल्यानंतरचे प्रकार. ग्रीक प्राणी जन्मतःच तसे. ग्रीकांचा स्वतःचा शब्द आहे 'तेरास', आणि त्याचा अर्थ अद्भुत चिन्ह, उत्पात, देवांनी दिलेली सूचना. दोन तोंडांचं वासरू जन्मलं की आपल्याकडे अख्खा गाव गोठ्यात जमतो, कुणी हळदकुंकू वाहतं, कुणी म्हणतं यंदा पाऊस नाही. त्या वासराला प्राचीन ग्रीकाने 'तेरास'च म्हटलं असतं. आमच्या जिल्ह्यात तेर नावाचं गाव आहे आणि पुढे या प्रस्तावनेत ते येणारही आहे. पण हा निव्वळ योगायोग, त्यातून व्युत्पत्ती काढू नये. आपल्याकडे तेवढ्यावर पुस्तकं निघतात.

हे प्राणी येतात कुठून? दोन्हीकडे उत्तर एकच, भाऊबंदकीतून. आपल्याकडे कश्यपाच्या बायका. अदितीचे देव, दितीचे दैत्य, दनूचे दानव, कद्रूचे नाग, विनतेचा गरुड. म्हणजे देवासुरांचं युद्ध म्हणजे सावत्र भावांचा वाटणीचा दावाच, फक्त पिढ्यानपिढ्या चाललेला. ग्रीकांकडे हेसिअड या कवीने इसवी सनापूर्वी सातशेच्या आसपास देवांची वंशावळ रचली. तिच्यात एखिद्ना नावाची अर्धी बाई अर्धी नागीण आहे आणि टायफन हा तिचा नवरा. त्यांच्या पोटी हायड्रा, पाताळाच्या दाराशी बसलेला अनेक तोंडांचा कुत्रा कर्बेरस, आणि अशीच आणखी गुणी लेकरं. हा टायफन धरणीचा, गायाचा, मुलगा आणि झ्यूस तिचा नातू. चुलत्या-पुतण्याचं भांडण. झ्यूसने त्याला विजेने भाजून काढलं. नंतरच्या कवींनी त्याला सिसिलीतल्या एटना पर्वताखाली पुरलं. तो कूस बदलतो तेव्हा जमीन हादरते. ३० सप्टेंबर १९९३च्या पहाटेच्या भूकंपानंतर लोहारा-उमरग्याकडच्या माणसाला ही कथा समजावून सांगावी लागत नाही. त्या दिवसांत भूगर्भतज्ज्ञ गावोगाव येऊन कारणं सांगत होते आणि म्हातारी माणसं शेषाने डोकं हलवलं म्हणत होती. कुणी कुणाला वेड्यात काढत नव्हतं.

आता कापलेल्या डोक्याकडे येतो, कारण या पुस्तकाचा गाभा तोच.

मेदूसाची गोष्ट अशी. तीन गॉर्गन बहिणींपैकी ही एकटीच मर्त्य. जो तिच्याकडे पाहील त्याचा दगड व्हायचा. पर्सियसने चकचकीत ढालीतलं तिचं प्रतिबिंब बघत बघत तिचं डोकं कापलं. धडातून पंखांचा घोडा पेगसस बाहेर पडला. गोष्टी सांगणारे बहुधा इथे थांबतात. पण पर्सियसने ते डोकं झोळीत घातलं, प्रवासभर शस्त्र म्हणून वापरलं आणि शेवटी अथेना देवीला दिलं. देवीने ते आपल्या छातीवरच्या कवचात बसवलं. ग्रीकांनी तोच चेहरा, जीभ बाहेर, दात विचकलेले, डोळे वटारलेले, देवळांच्या कपाळपट्टीवर आणि ढालींवर कोरला. ज्याचं भय होतं त्यालाच राखणीला बसवलं.

आपल्याकडे हे काम कीर्तिमुखाचं. जालंधराचा दूत म्हणून राहू शंकराकडे आला आणि उद्धट बोलला, तेव्हा शंकराच्या कपाळातून एक भुकेला जीव निघाला. राहूला अभय मिळालं, मग याने खायचं काय? शंकर म्हणाले, स्वतःलाच खा. त्याने हातपाय, पोट, धड सगळं खाल्लं, उरलं फक्त तोंड. शंकर प्रसन्न झाले आणि म्हणाले, तुझं दर्शन घेतल्याशिवाय माझ्या दारात कुणी येणार नाही. जुन्या दगडी शिवालयाच्या गाभाऱ्याशी उंबऱ्यावर पाहा. तेल आणि कुंकवाने गुळगुळीत झालेली दोन बटबटीत डोळ्यांची तोंडं तिथे दिसतील. बाई आधी त्यांना हळदकुंकू वाहते आणि मग पिंडीकडे जाते. मेदूसा आणि कीर्तिमुख यांचं नातं आहे का, कुणी कुणाकडून घेतलं, यावर पंडितांनी बरंच लिहिलं आहे. मला त्यात फार रस नाही. दाराला भीषण तोंड लागतं ही गरज दोन ठिकाणी स्वतंत्रपणेही सुचू शकते. नव्या बंगल्यावर टांगलेला काळा राक्षसाचा मुखवटा कुठल्या ग्रंथातून आला?

हायड्रा आणि रक्तबीजाची जोडी सगळ्यांनाच सुचते, म्हणून थोडक्यात उरकतो. इकडे रक्ताच्या थेंबागणिक नवा असुर, तिकडे कापलेल्या डोक्यागणिक दोन नवी डोकी. कालीने रक्त जमिनीवर पडूच दिलं नाही, वरच्यावर पिऊन टाकलं. हेराक्लीसने पुतण्याच्या हाती पेटतं लाकूड देऊन प्रत्येक मानेला डाग दिला. जनावरांना डागणारी माणसं आमच्या गावात होती. ही युक्ती त्यांनी लगेच मान्य केली असती.

बैलाच्या डोक्याच्या माणसापाशी मात्र थांबायला हवं. क्रीटच्या राजाने समुद्रदेव पोसायडनला कबूल केलेला बैल दिला नाही, म्हणून देवाने राणीलाच त्या बैलाचं वेड लावलं. तिला झालेलं मूल ते मिनोटॉर. त्याला खरं नावही होतं, अस्तेरियॉन, ताऱ्यांचा. राजाने त्याला भुलभुलैयात कोंडलं. अथेन्सहून सात मुलगे आणि सात मुली त्याच्या तोंडी द्यायचं ठरलं, आणि मग थीसियसने दोऱ्याच्या आधाराने आत जाऊन त्याला मारलं. नवस फेडला नाही बापाने, भोगलं पोराने.

तुळजापूरला जे घडलं त्याची कथा अशी आहे. कर्दम ऋषींच्या मागे त्यांची पत्नी अनुभूती तप करत होती. कुकुर दैत्याने तिला छळलं, तिने हाक मारली आणि देवी त्वरेने धावून आली, म्हणून त्वरिता, तुरजा, तुळजा. कुकुराने रेड्याचं रूप घेतलं आणि देवीने त्याला त्रिशुळाने मारलं. पण मला तुळजापूरचं सगळ्यात आवडतं ते युद्ध नाही, देवीची झोप आहे. नवरात्रापूर्वी देवी घोरनिद्रा घेते. दसऱ्याला सीमोल्लंघन झालं की पुन्हा पलंगावर निजते ती थेट कोजागिरीच्या पौर्णिमेपर्यंत. ती श्रमनिद्रा. नऊ दिवस लढून बाई दमली आहे, तिला निजू द्या. अख्ख्या ग्रीक पुराणात हेराक्लीसने बारा अचाट कामं केली. त्याला कुणी असं पाच दिवस पांघरूण घातल्याचं माझ्या वाचनात नाही.

आणि रेडा? तो गावाच्या बाहेर बांधावर आहे, शेंदूर लावलेला. दामोदर धर्मानंद कोसंबी पुण्याच्या आसपासच्या खेड्यांमधून पायी हिंडले आणि म्हसोबात त्यांना महिषासुर दिसला. सगळ्या अभ्यासकांना ते पटतं असं नाही. शेतकऱ्याला त्याचं देणंघेणं नाही. आमच्या शिवारात एका वावराच्या मधोमध म्हसोबाचा दगड आहे. पूर्वी औत त्याला वळसा घालून जायचं, आता ट्रॅक्टर जातो. ड्रायव्हर बाहेरगावचा असला तरी कुणी न सांगता नांगर उचलतो, स्टेअरिंग फिरवतो, पलीकडे जाऊन पुन्हा टाकतो. एवढ्या महाग जमिनीत चटईएवढा तुकडा कायमचा पडीक राहिला आहे. मिनोटॉरला क्रीटमध्ये कुणी असा तुकडा सोडला नाही. तिथे त्याचा चेहरा नाण्यांवर गेला.

इथवर वाचून कुणी म्हणेल, ग्रीस कुठे, धाराशिव कुठे. तर तेर. तेरणेच्या काठचं, गोरोबाकाकांचं तेर. इसवी सनाच्या पहिल्या शतकात एका ग्रीकभाषी व्यापाऱ्याने तांबड्या समुद्रापासून हिंदुस्थानपर्यंतच्या बंदरांची माहिती लिहून ठेवली. त्यात पैठणपासून पूर्वेला दहा दिवसांच्या वाटेवर 'तगर' नावाचं फार मोठं शहर असल्याचं तो सांगतो. तिथून कापड भडोचच्या बंदरात जायचं. तगर म्हणजे तेर हे फ्लीट यांनी १९०१ साली दाखवून दिलं. तिथल्या संग्रहालयात रामलिंगप्पा लामतुरे यांनी जन्मभर जमवलेल्या वस्तू आहेत. त्यातली हस्तिदंती बाई पाहिली की इटलीतल्या पाँपेईत १९३८ साली सापडलेल्या हस्तिदंती बाईची आठवण झाल्याशिवाय राहत नाही. पाँपेई इसवी सन ७९ मध्ये ज्वालामुखीच्या राखेत गाडलं गेलं, म्हणजे ती मूर्ती त्याआधीच तिकडे पोचली होती. वस्तू गेल्या तिथे गोष्टीही गेल्याच असतील. कापडाचे गठ्ठे बांधणारी माणसं मुकी थोडीच होती!

गोष्टी गेल्याचे पुरावे तर त्याहूनही जुने आहेत, आणि ते थोडे लाजवणारे. ग्रीकांच्या लेखी राक्षसांचा देश म्हणजे आपला. इराणच्या दरबारातला ग्रीक वैद्य क्टेसियस याने हिंदुस्थानात न येताच हिंदुस्थानावर पुस्तक लिहिलं. त्यात 'मार्तिखोरा' आहे: माणसाचा चेहरा, सिंहाचं अंग, दातांच्या तीन ओळी, शेपटीला विंचवाची नांगी. नाव फारसीतून आलेलं, अर्थ माणसं खाणारा. पुढे दुसऱ्या शतकातल्या पॉसेनियसने शांतपणे लिहिलं की हा बहुधा वाघ असावा. मेगॅस्थेनिस तर पाटलीपुत्राला येऊन राहिला होता, तरी त्यानेही कान पांघरून झोपणारी माणसं नोंदवली. त्याला हसण्यात अर्थ नाही, कारण त्याला हे आपल्याच कुणीतरी सांगितलं. महाभारताच्या सभापर्वात सहदेव दिग्विजयाला निघतो तेव्हा त्याला एकपाद आणि कर्णप्रावरण, म्हणजे एका पायाचे आणि कानांनी अंग झाकणारे लोक भेटतात. सहदेव कुठल्या दिशेला गेला होता? दक्षिणेला. पाटलीपुत्राच्या माणसाला विचित्र लोक दक्षिणेत दिसत होते, ग्रीकाला हिंदुस्थानात. राक्षस नेहमी पुढच्या गावाला असतो.

उलट दिशेने काय आलं? कार्ल्याच्या चैत्यगृहात धेनुकाकट इथल्या यवनांनी दिलेल्या खांबांवर त्यांचे लेख आहेत, आणि त्याच लेण्यात एका खांबावर माणसाच्या तोंडाचा आणि सिंहाच्या अंगाचा स्फिंक्स बसला आहे. त्याकडेही लक्ष वेधलं ते कोसंबींनी. पण माझ्या मते सगळ्यात मोठी चीज कोल्हापूरची. १९४०च्या दशकात पंचगंगेकाठी ब्रह्मपुरीच्या टेकडीवर उत्खननात रोमन बनावटीच्या ब्राँझच्या वस्तू सापडल्या. त्यात पोसायडनची छोटी मूर्ती आहे, आणि एका गोल पत्र्यावर पर्सियस आणि अँड्रॉमिडा उठवले आहेत. आता गोष्ट आठवा. अँड्रॉमिडाच्या आईने आपल्या घरातल्या रूपाचा तोरा मिरवला, त्या रागाने पोसायडनने किनाऱ्यावर समुद्रराक्षस सोडला. मुलीला खडकाला साखळीने बांधलं. मेदूसाचं डोकं झोळीत घेऊन निघालेला पर्सियस वरून चालला होता. त्याने राक्षसाला मारून तिला सोडवलं. राक्षस पाठवणारा आणि राक्षस मारणारा, दोघेही एकाच ढिगाऱ्यात सापडले, आणि तेही कुठे? कोल्हासुराच्या गावात. देवीने मारताना त्याने मागून घेतलं म्हणे, की गावाला माझं नाव राहू दे. करवीरचे लोक अजून ललिता पंचमीला टेंबलाईच्या टेकडीवर कोहळा फोडतात.

परंड्याच्या किल्ल्याबद्दल लिहिलं नाही तर आमचे परंडेकर रागावतील. विजापूरच्या बुरुजावरची मुलूखमैदान तोफ एके काळी परंड्याला होती. १६३२च्या सुमारास ती तिकडे नेली. तोफ ओतली अहमदनगरला, १५४९ साली, आणि ओतणाऱ्याचं नाव मुहम्मद बिन हसन रूमी. तिचं तोंड म्हणजे सिंहाचा उघडा जबडा आणि त्यात दातांखाली चिरडला जाणारा हत्ती. रूमी म्हणजे रूम देशाचा, आजच्या तुर्कस्तानाकडचा. त्याच तुर्कस्तानाच्या नैऋत्येला, जुन्या लिसियात, कायमेराचं ठाणं होतं: पुढे सिंह, मध्ये बकरी, मागे साप, आणि तोंडातून आग. त्या कारागिराने कायमेराचं नाव तरी ऐकलं होतं की नाही, देव जाणे. सिंहाच्या तोंडातून आग ओकणारा प्राणी मात्र त्याने खरोखर करून दाखवला.

पुस्तकातल्या नावांविषयी थोडं. हर्क्युलिस हे रोमन रूप आहे, म्हणून मी हेराक्लीस लिहिलं. काही नावांचे उच्चार इंग्रजीमार्गे मराठीत इतके रुळले आहेत की ते तसेच ठेवले. एक मोह मात्र आवरला. मराठी आकाशनिरीक्षकांनी ग्रीक तारकासमूहांना आपली नावं दिली आहेत आणि ती फार नेटकी आहेत. अँड्रॉमिडा झाली देवयानी, तिची आई शर्मिष्ठा, बाप वृषपर्वा, पर्सियस झाला ययाती. समुद्रराक्षस तिमिंगल, हायड्रा वासुकी, अर्धा घोडा नरतुरंग. नावं छान, पण यात नाती सगळी उलटीपालटी होतात. शर्मिष्ठेला देवयानीची आई केलेलं दोघींपैकी कुणालाच आवडणार नाही. म्हणून गोष्टींमध्ये ग्रीक नावंच ठेवली.

आकाशात मेदूसाही आहे. ययातीच्या हातात जे कापलेलं डोकं लोंबतं, त्यातला एक तारा अल्गोल. अरबीत 'रास अल-घूल', म्हणजे पिशाच्चाचं डोकं. हा तारा दर २ दिवस २० तास ४९ मिनिटांनी मंद होतो आणि काही तासांत पुन्हा पूर्ववत उजळतो, कारण ते मुळात एकमेकांभोवती फिरणारे तारे आहेत आणि अंधूक जोडीदार तेजस्वी ताऱ्याच्या समोरून जातो. दुर्बीण लागत नाही. मार्गशीर्षात, चंपाषष्ठीच्या सुमारास, रात्री नऊ-दहाला तो डोक्यावरून थोडा उत्तरेला येतो. तेव्हा आमच्याकडे ज्वारीला पाणी द्यायचं असतं आणि थ्री फेज लाईट रात्रीचीच येते. गेल्या वर्षी मी मोटार चालू करून बांधावर बसलो होतो, शेजारी म्हसोबा. अल्गोल शेजारच्या ताऱ्यांशी ताडून पाहत होतो. तासाभराने वाटलं, उतरला खरा. दुसऱ्या तासाला शंका उरली नाही. पाणी धरणारा गडी वाफ्यातून वर आला, त्याला तो तारा दाखवला, गोष्ट सांगितली. त्याने बराच वेळ वर पाहिलं. मग फावडं खाली ठेवून विचारलं, "आन् त्या बाईचं धड कुठं पुरलं मालक?"